करंड्याची आतली कड

"मॅडम, आमच्या मुख्याध्यापकांच्या केबिनला मागच्या आठवड्यात रंग दिला. तो वाळत असताना सर आमच्याबद्दल जे काही बोलले, ते तुमच्या मशीनला ऐकू येईल का?"

प्रश्न विचारला मी, पण लावून दिला होता हर्षाली आणि जोआना या माझ्या मैत्रिणींनी. पैज दोन कोकम सोड्यांची. सभागृहात असा हशा उसळला की मुख्याध्यापकांनासुद्धा हसल्यासारखं करावं लागलं.

नववीपर्यंत मी हजेरीला इतकी हळू 'यस सर' म्हणायचे की गैरहजेरी लागायची. मग बाकावर शेजारी बसलेली सुलो माझ्या वतीने ओरडायची, "ओवी आसा, सर!" सुलो म्हणजे सुलोचना बेहेरा. ओडिशाची. तिचे वडील नदीवरच्या पंपहाऊसमध्ये फिटर होते. सहा महिन्यांत ती माझ्यापेक्षा चांगली मालवणी बोलायला लागली होती. गेल्या फेब्रुवारीत पंपहाऊसची वसाहत उडवली, तेव्हा सुलो गेली. दहावीत माझ्या वतीने ओरडायला कोणी उरलं नाही, म्हणून मी स्वतःच ओरडायला शिकले. आणि एकदा आवाज फुटल्यावर तो काही थांबेना.

विज्ञान प्रदर्शनाला आलेल्या डॉ. तारकर मॅडम मात्र हसल्या नाहीत. म्हणाल्या, "चांगला प्रश्न आहे. उत्तर 'नाही' असं आहे, पण का नाही ते ऐका."

त्यांच्या मशीनचं नाव नादवाचक. (पोरांनी पाच मिनिटांत त्याला 'चोमडी' करून टाकलं.) आवाज म्हणजे हवेची थरथर. एखादा ओला थर घट्ट होत असताना ही थरथर त्याच्यावर उमटते, अगदी बारीक, केसाच्या जाडीचे हजारो भाग केले तर त्यातल्या एकाएवढी. लेझरने ती वाचता येते. पण भिंत जागची हलत नाही. तासभर वाळणाऱ्या रंगात तासाभराचे सगळे आवाज एकावर एक पडतात, जणू पाचशे माणसांनी एकाच कागदावर, एकाच ओळीवर लिहावं. "आवाज वाचायचा तर थर सरकता हवा," मॅडम म्हणाल्या. "आणि पडल्या पडल्या गोठणारा. तसं काही निसर्गात फारसं सापडत नाही."

मी अजून उभीच होते. "निसर्गात नाही मॅडम, आमच्या घरी आहे. लाखकाम!"

आमचं घर सावंतवाडीत, चितारआळीत. बाबा लाकडाची खेळणी आणि करंडे करतात. यंत्रावर लाकूड गरगर फिरत असतं, त्याला लाखेची रंगीत कांडी टेकवायची. घासण्याच्या उष्णतेने लाख वितळते आणि सुतासारखी गोल गोल गुंडाळली जात तिथल्या तिथे गोठते. मॅडमनी खडू खाली ठेवला. "म्हणजे चक्रावर आवाज कोरल्यासारखंच की! उद्या येऊ?"

दुसऱ्या दिवशी त्या आल्या, चोमडीला मांडीवर घेऊन. बाबांनी दाखवलेले पोपट, भोवरे, फळं, सगळं वाचून झालं. नुसती खरखर. मॅडमचा चेहरा पडला. मी बाबांच्या हाताकडे बघितलं आणि कपाळावर हात मारला.

"मॅडम, पान! बाबा शेवटी केवड्याचं पान फिरवतात ना!"

लाख चढवून झाली की फिरत्या लाकडावर केवड्याचं पान दाबून धरतात. त्याने चकाकी येते, म्हणजे सगळे बारीक उंचवटे सपाट होतात. आवाजही पुसला जातो. पण एका जागी कुठलाच कारागीर पान लावत नाही. करंड्याची आतली कड, जिच्यावर झाकण बसतं. ती गुळगुळीत केली तर झाकण सुळकन निसटतं. करंड्याचं झाकण कसं, उघडताना 'टप्' वाजलं पाहिजे.

मी फळीवरचा सगळ्यात जुना करंडा काढून दिला. मॅडमनी कड वाचायला ठेवली, यंत्राची घरघर वजा केली, आणि चार सेकंदांसाठी आमच्या दुकानात माझे आजोबा बोलले. बारा वर्षांपूर्वी वारलेले.

"...मेल्या, बघ थंय, मांजर इला बांगड्यार!"

आई दारातच थिजली. "मामंजींचोच आवाज!" बाबा खाली बसले. हसत होते की रडत होते, मला कळलं नाही. त्या दिवशी मला वाटलं, जगात माझ्याइतकी हुशार मुलगी नाही.

त्याच आठवड्यात अण्णा खवणेकरांचा खटला सुरू झाला.

अण्णा म्हणजे निवृत्त चित्रकला शिक्षक. पांढरा सदरा, खिशाला दोन पेन्सिली. अर्ध्या तालुक्याला त्यांनी छायांकन शिकवलं. माझे बाबा पोपट रंगवायला त्यांच्याकडेच शिकले. आमच्या नदीचं पाणी नळाने उत्तरेकडच्या कारखान्यांना जायला लागलं, विहिरी आटल्या, तेव्हा अण्णांनी पोरं जमवली. नाव दिलं 'राखणदार'. आमच्याकडे राखणदार म्हणजे गावाच्या वेशीवरचा देव, वाट चुकलेल्याला घरी आणून सोडणारा. यांनी आधी केबली तोडल्या. मग एका व्हॉल्व्ह उघडणाऱ्या माणसाचे दोन्ही हात मनगटापासून तोडले आणि पाटीत घालून ऑफिसच्या पायरीवर ठेवले. मग दोन इंजिनियर मारले. मग वसाहत. अडतीस माणसं. त्यात अकरा मुलं.

आणि पुरावा? शून्य. अण्णांकडे फोन नव्हता. चिठ्ठी लिहायची नाही, फोटो काढू द्यायचा नाही. जे काय ते तोंडी, समोरासमोर. मुलीच्या लग्नात मांडवातच त्यांना पकडलं, तेव्हा अक्षता हातात घेऊन ते म्हणाले होते, "माझा एक शब्द दाखवा."

ही बातमी आम्ही जोआनाच्या घरी बघत होतो. पडद्यावर त्या मांडवाचं जुनं चित्रण होतं. पाहुण्यांच्या हातात लाल-हिरवे करंडे.

"ते बाबांचे करंडे!" मी ओरडले. "लग्नात वाटायला तीनशे केले होते. स्फोट सोमवारी झाला ना? त्याच्या आधीच्या गुरुवारी अण्णा आमच्या दुकानात दोन तास बसले होते. त्यांची माणसं येत होती, ते बोलत होते, आणि बाबा कडा भरत होते!"

जोआना म्हणाली, "अगो, मग तुमच्या चोमडीला सांग की!"

मी लगेच डॉ. तारकरांना फोन लावला. घरी येऊन बाबांना सांगितलं, अगदी उड्या मारत. बाबांच्या हातातली कांडी मोडली.

"तुका कोणी सांगितल्यान होता मधी बोलूक?"

"बाबा, तू घाबरू नको. अण्णांची सगळी पोरं आत आसत."

बाबा कांडीचे तुकडे गोळा करायला वाकले. त्यांना राखणदारांची भीती वाटते, असं मी धरून चालले. पोलिसांना त्यांनी तेव्हाच सांगितलं होतं, गिऱ्हाईक आलं, करंडे बघितले, गेलं.

पोलिसांनी लग्नातल्या पाहुण्यांकडून दोनशे अकरा करंडे गोळा केले. कोणी त्यात कुंकू ठेवलं होतं, कोणी लवंगा, एकाने तर पडलेले दुधाचे दात. प्रत्येक कडेवर चार-सहा सेकंद. ते ओळीने लावायचं काम मॅडमनी मला दिलं, कारण कांडी झिजत गेली की कडेची जाडी कशी बदलते ते मला दिसतं. शनिवार-रविवार मी त्यांच्या तात्पुरत्या प्रयोगशाळेत बसायचे. सरावासाठी त्यांनी मला एक लहान, हातात धरायची चोमडी घरी दिली. शाळेत माझा भाव काय वाढला म्हणून सांगू!

तुकडे जोडत गेलो तसे अण्णा बोलायला लागले. 'पंप ऱ्हवता कामा नये.' 'सोमवारी पहाटे चारांक.' मधेच रंग पुरे का ते विचारणारे बाबा, 'तांबडो फुरो की हिरवो देऊ?' आवाज अण्णांचाच, हे सिद्ध झालं. फक्त लाल संपून हिरवा सुरू होतो तिथे सुमारे मिनिटभराची फट राहत होती.

मग मला साक्षीला बोलावलं. लाखकाम कसं करतात, पान का लावतात, आतल्या कडेला का नाही, एवढंच सांगायचं होतं. आरोपीचे वकील सबनीस उठले.

"कुमारी म्हापणकर, तुम्ही दहावीत आहात. उद्या नापास झालात तर हे पानाचं शास्त्रही विसराल का?"

"सर, विज्ञानात मला तीसपैकी अठ्ठावीस आहेत. आणि पानाचं शास्त्र आमच्या आळीत नापास झालेल्यांनाच शिकवतात."

कोर्ट हसलं. न्यायाधीश बाई हसल्या. आणि पिंजऱ्यातून अण्णाही हसले, मन लावून, शिक्षक हसतात तसे. "शाब्बास गो चेडवा," ते म्हणाले. माझ्या अंगावर काटा आला, पण खोटं कशाला बोलू, थोडा आनंदही झाला.

मग सबनीसांनी आपला पत्ता टाकला. पंप उडवायचा हुकूम आमच्या अशिलानेच दिला, ते म्हणाले. कबूल. पण वसाहत रिकामी आहे, अशी त्यांची समजूत होती. माणसं मारायचा हेतू कुठल्या करंड्यात आहे, तो दाखवा.

जेवणाच्या सुट्टीत सरकारी वकील देसाई मॅडम व्हरांड्यात माझ्याजवळ आल्या. "हेतू सिद्ध झाला नाही तर दहा वर्षं. त्यातलं एक तुरुंगात गेलंच आहे, चांगल्या वागणुकीची सूट मिळेल. पाच-सहा वर्षांत बाहेर. माणसं तिथे झोपली आहेत हे त्यांना माहीत होतं असं निघालं, तर मरेपर्यंत जन्मठेप. शुक्रवारी शेवटची तारीख आहे, ओवी. ती मधली फट भरेल असं काही आठवतंय का?"

गुरुवारी शाळेतून घरी येताना आठवलं. जांभळे!

लाल आणि हिरव्याच्या मधे बाबांनी बारा जांभळे करंडे केले होते. अण्णांच्या बायकोला तो रंग लग्नकार्यात नको होता, म्हणून ते माळ्यावर पडले होते. मी दप्तर टाकलं, शिडी लावली. फडक्यात गुंडाळलेले सापडले. पहिला हातात घेतला आणि झाकण आपसूक निसटून खाली पडलं.

दुसरा. सुळकन. तिसरा. सुळकन. एकही 'टप्' वाजला नाही. कडेवरून बोट फिरवलं. काचेसारखी गुळगुळीत.

आळीतलं शेंबडं पोरही असं काम करणार नाही. हे चुकून झालेलं नव्हतं. कोणीतरी एकेक करंडा पुन्हा यंत्रावर चढवून आतून पान फिरवलं होतं. आमच्या घरी यंत्र फक्त बाबा चालवतात.

मी मोजले. अकरा.

बारावा माझ्या टेबलावर होता. केसांच्या पिना ठेवायला मीच तेव्हा एक उचलला होता, कोणाला न विचारता. पिना गादीवर ओतल्या. टप् वाजला झाकणाचा. लहान चोमडी कडेवर धरली. दोनदा नुसती खरखर आली. तिसऱ्यांदा आवाज आला.

"वसाहतीसकट. निजलेली आसतानाच."

"अण्णा, माजी भयण आसा थंय."

"मगे तिका आयतवारी हंय हाड."

सहा सेकंद. मधला आवाज बाबांचा. आणि अण्णांचं उत्तर, मग बहिणीला रविवारी इकडे आण.

आत्याचे यजमान पंपहाऊसला इलेक्ट्रिशियन होते, राहायला वसाहतीतच. त्या रविवारी आत्या, यजमान आणि तिची दोन्ही मुलं आमच्याकडे जेवायला आली होती. सण नाही, वाढदिवस नाही. आईने कोंबडी केली, वडे केले. बाबांनी आग्रह करकरून त्यांना रात्री ठेवून घेतलं. आम्ही सगळे किती नशीबवान, असं वर्षभर येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होतो. आत्याने तर देवीला साडी नेसवली.

त्या रविवारी सकाळी मी विचारलं होतं, "बाबा, सुलोक पण बोलवू?"

बाबा करंड्यांची पोती शिवत होते. मान वर न करता म्हणाले होते, "नको. आज घरचीच माणसा."

मी गादीवर बसले. मग पुन्हा ऐकलं. मग पुन्हा. बाबांचा आवाज घाबरलेला होता. पण शब्द स्पष्ट होते. भयण. एवढंच त्यांना तेव्हा सुचलं. अख्ख्या वसाहतीतून एक भयण उचलून बाजूला काढली आणि पुढच्या करंड्याला लाख लावली.

संध्याकाळी दिवे लागले तेव्हा मी करंडा आणि चोमडी घेऊन दुकानात गेले. आई भाजी निवडत बाबांजवळ बसली होती. मी बटण दाबलं.

सहा सेकंदांनंतर आईच्या हातातली शेंग तशीच राहिली. बाबांनी यंत्र बंद केलं. चाक फिरत फिरत थांबलं.

"ह्यो खंय होतो?" बाबांनी विचारलं.

"माज्याकडे. पिनांक."

"मी बाराय पुसले असा धरून चाललंय," ते स्वतःशीच पुटपुटले. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "दोन माणसा भायर उभी हुती, ओवी. मोटारसायकलीर. मी तोंड उघडलंय आसतंय तर तुमी दोगांय ऱ्हवली नसती."

"गुरुवार ते सोमवार. चार दिवस, बाबा. चारय दिवस उभी हुती?"

त्यांनी यंत्रावरचा भुसा हाताने झाडला.

"शुक्रवारी तू बाजारात गेललंस. शनिवारी माका शाळेत सोडूक इललंस. पोलीस चौकी वाटेर आसा. सुलो फाटकात उभी हुती, तुका हात केल्यान. तू पण केलंस."

"अण्णांनी शिकवला माका," बाबा म्हणाले. आवाज एकदम लहान मुलासारखा झाला होता. "माका वाटला, नुसती भीती घालतत. करूचे नाय. मगे वाटला, जर केल्यानीच, तर निदान भयण..." त्यांनी चोमडीकडे बघितलं. "रोज ऐकतंय मी ता. ह्या मशीन येवच्या आधीपासून."

मला त्यांची दया आली. खूप आली. हे मी कोणाला सांगितलं नसतं, पण आली. चितारआळीत माझ्या बाबांइतका हळुवार माणूस नाही. लाकडाला चीर गेली तरी 'अरेरे' म्हणतात.

आई उठली. तिने दाराला कडी घातली, फळीवरचं केवड्याचं पान काढलं, पाण्यात बुडवून मऊ केलं आणि बाबांच्या समोर ठेवलं.

"पानान एकदा पुसला की झाला," ती म्हणाली. "पाच मिनटांचा काम. अण्णा धा वर्षां आत जातलोच. गेलेली माणसा काय परत येवची नाय. तुज्या बापाशीक कित्याक धाडतंस तू तुरुंगात? सांग माका. कोणासाठी?"

"आये, तुका म्हायत होता?"

"माका कोंबडी करूक सांगल्यानी, मी केलंय." एवढं बोलून तिने तोंडावर पदर धरला. "मी विचारूक नाय. विचारला आसतंय तर म्हायत झाला आसता."

बाबांनी हात पुढे केला. पानाकडे नव्हे, करंड्याकडे. मी तो दिला. का दिला, मलाही सांगता येणार नाही. त्यांनी तो यंत्रावर चढवला, सरळ बसलाय का ते सवयीने तपासलं. चाक सुरू झालं. जांभळी कड फिरायला लागली, इतकी जोरात की स्थिर दिसावी. बाबांनी पान दुमडून बोटावर धरलं. बोट कडेपासून चिमूटभर अंतरावर आलं.

तिथेच थांबलं. ते माझ्याकडे बघत होते. मी ओरडावं, हात धरावा, पान हिसकावून घ्यावं, म्हणजे निर्णय माझा होईल, असं काहीतरी त्या डोळ्यांत होतं. मी जागची हलले नाही.

आमच्या घरात सगळे मालवणी बोलतात, आणि बापाला कोणी 'अहो' म्हणत नाही. त्या संध्याकाळी माझ्या तोंडातून शाळेतलं मराठी आलं, साक्षीच्या पिंजऱ्यात बोलले होते तसं. आईने दचकून माझ्याकडे बघितलं.

"पुसायचं तर पुसा, बाबा, मी अडवणार नाही," मी म्हणाले. "मी ते सात वेळा ऐकलंय. कडेवर काय होतं, माळ्यावरच्या अकरा कडा कशाने गुळगुळीत झाल्या आणि त्या रविवारी आमच्याकडे कोण जेवायला होतं, ते मी उद्या शपथेवर सांगणार आहे. साडेदहाला कोर्ट बसतं. मी सातच्या गाडीने जाणार. पोलीस चौकी आत्ताही उघडी आहे. माझ्याआधी तुम्हाला जायचं असेल, तर जा. नाही गेलात, तरी मी जाणार."